सायकलचं तोंड

—हाव हाव, ऐकलं, मी बहिरा नाही. पण आधी त्या बाजेवरून ऊठ, नवार सैल झाली तिची, एकदा बसला का माणूस फसते, मंग दोघं लागतात ओढाले. त्या स्टुलावर बस. चहा घे. ज्योत्सनानं अद्रक टाकलं असन — माह्यासाठी नाही टाकत, पाहुण्यासाठी टाकते. अन् तो मोबाईल टेबलावर कायले ठेवला? फोटो काढून राहिली का? — नाही नं? उलटाच ठेव मंग. माह्या घरात फोटो नाही. फोटोनंच तं सारं झालं. ज्योत्सना माही सून, चांगली आहे, मी वाईट नाही म्हणत, पण तिच्या बोटाले दम नाही. दिवाळीची साफसफाई काढली, बाजेखालची माही पेटी ओढली, पेटीतून पिक्चरच्या रिळाचा डबा काढला, अन् मले न विचारता फोटो टाकला ग्रुपवर — 'जुनी वस्तू, कोणाले पाहिजे असन तं सांगा'. अवो, वस्तू कोणाची, विचारते कोणाले! अन् या ग्रुपवरून त्या ग्रुपवर, वरठीहून निघालेला डबा अर्ध्या दिवसात बपेऱ्याले पोहोचला. आम्ही तीन डबे सायकलवर एक कोस नेत होतो तं तेजरामची छाती फाटत होती.

प्रतिक्षा नाव का तुहं? बरं. धर्मेंद्रची पोरगी. म्हणजे तेजरामची नात, अन् तुळसाची. नाक तेजरामचं आहे, बसकं. राग नको मानू, आहे ते आहे. तू आली, पाणीही नाही पेली अन् सुरू — आजी पडून आहे, दवाखान्यानं घरी न्या म्हणून सांगतलं, पोटात पेज ठरत नाही, अन् तिनं धाडलं, 'लिलाधरले विचारून ये, सायकलचं तोंड कोणीकडं होतं'. बावन वर्षं झाली, बावन! तेव्हाचे बैल मेले, बैलायचे मालक मेले, तलावाची पाळ सरकारनं दोनदा बांधली, अन् हिले सायकलचं तोंड पाहिजे! — हाव, समजते मले. मी काही दगड नाही. तेजराम मेला ते तिले माहीत आहे, साऱ्या मुलखाले माहीत आहे, पाळीखाली सापडला. पण रील घेऊन तंबूकडं येऊन राहिला होता, का रील घेऊन बाईच्या मागं मध्यप्रदेशात पळून राहिला होता — एवढंच तिले पाहिजे, डोळे मिटायच्या आधी. नवरा येत होता का जात होता.

मंग मले काय माहीत? मी तंबूत होतो. मशीनपाशी. ऑपरेटर होतो मी, मशीन सोडून ऑपरेटर जाते का कुठं? सायकल ढिवरायच्या जाळ्यात आली, तिसऱ्या दिवशी, पाण्यातून. पाण्यातल्या सायकलले कायचं तोंड? सांग आजीले, लिलाधरले माहीत नाही, म्हातारा झाला, भुलला. झालं. चहा पी अन् जा, तुमसरची गाडी साडेतीनले आहे.

— उठत काहून नाही?

डबा? डबा असाच आहे. असे पन्नास डबे होते आमच्या टुरिंग टाकीत, तंबूतल्या सिनेमात. टाकी बसली तेव्हा मालकानं सामान वाटून दिलं, कोणी कनात नेली, कोणी खुर्च्या, मी डबा घेतला. तेरा लिहिलं म्हणजे तेच तेरावं रील कसं होईन? प्रत्येक पिक्चरले तेरावं रील रायते. 'आखरी' लिहिलं आहे? दिसते मले, मी आंधळाही नाही. अक्षर — हाव, अक्षर तेजरामचंच आहे. सारे डबे तोच रंगवत होता, लाल ऑइलपेंटनं, चौथी शिकला होता नं. मी दुसरीतून पळालो. मास्तर म्हणे, लिलाधर, तुह्यापेक्षा बाहेरचा बोकड बरा, तो निदान आवाज देते. ... काय म्हणली? हरवलेला डबा माह्या पेटीत कसा? कोण म्हणते हाच हरवला होता? तू होती का तिथं? तुहा बाप तरी होता का? तो पोटात होता.

तू कधी पाहिला का त्या रात्री लागला तसा पिक्चर? नाही पाहिला नं. मंग तुले काय समजन आमची गोष्ट. काळापांढरा होता. शहरात वीस वर्षं फिरून, घासून, मंग आमच्यापाशी आलता. रिळावर इतके चरे का पडद्यावर पाऊस पडे — अन् त्या पिक्चरमध्ये खराही पाऊस होता, तं चऱ्यायचा कोणता अन् ढगाचा कोणता, मलेही नाही समजत, चाळीस वेळा चालवून! अख्ख्या पिक्चरमध्ये दिवस म्हणून उगवत नाही. खिडकीले लाकडाच्या पट्ट्या, बाहेर दिवा, अन् त्या पट्ट्यायच्या सावल्या माणसाच्या तोंडावर आडव्या — घरातच जेलात बसल्यासारखा माणूस. इन्स्पेक्टर एक, घरात आला तरी टोपी काढत नाही. बाया खाली बसून हासत, याले न्हाव्यानं बिघडवला असन म्हणत. अन् एक बाई. काळी साडी, सिगरेट ओढे, धूर सोडे अन् त्या धुरातून आपल्या नवऱ्याले सोडून दुसऱ्याकडंच पाहे. गाणे दोनच. पण खेड्यातली दोन हजार माणसं चूप बसत, पोरगं रडलं तं माय त्याच्या तोंडावर हात ठेवे. अशी भीती होती त्यात. भुताची नाही — माणसाची.

गोष्ट सोपी आहे. दोन दोस्त राहतात, एका मोटारीच्या गॅरेजात कामाले. एका रात्री एक दोस्त गायब. मालकाची दागिन्याची पेटी गायब. काळ्या साडीची बाईही गायब. अन् दुसरा दोस्त इन्स्पेक्टरपाशी सांगते, 'भाग गया साब. औरत को लेके भागा. मैंने अपनी आँखों से देखा.' बारा रिळं सारे त्या पळालेल्याले शोधतात. स्टेशनवर, दारूच्या गुत्त्यात, नदीकाठी. बारा रिळं. अन् तेराव्यात — ... शेवट? शेवट मले आठवत नाही. बावन वर्षं झाली म्हणलं नं.

मंडई तं माहीत आहे तुले, का तेही मोबाईलवर पाहता आता? भाऊबीज झाली का गावोगाव मंडई, जत्राच म्हण — लेकी, जावई, पाहुणे, दंडार, नाटक, अन् आमची टाकी. त्या साली काय झालं, आंबागडची मंडई अन् तलावापलीकडच्या गावची मंडई एकाच तारखेले आली. दोन्ही गावचे पंच हट्टाचे, आम्ही पाहुण्यायले सांगून बसलो, तुम्ही तारीख सरकवा — तुम्ही सरकवा — कोणीच सरकवली नाही. मालक आमचा हुशार. दोन गावं दुखवायचे नाही म्हणे. तंबू दोन लावले, मशीनी दोन लावल्या, पिक्चर एक! आंबागडले नवाले सुरू करायचा, पलीकडं साडेदहाले. आंबागडले तीन रिळं झाली का डबे सायकलवर टाकायचे अन् तलावाच्या पाळीवरून पलीकडच्या तंबूत, माह्यापाशी. मंग रिकामा परत, पुढचे तीन. तीन, तीन, तीन, तीन — अन् शेवटच्या खेपेत एकच. तेरावं. सडकेनं गेलं तं तीन कोस, पाळीवरून एक. पाळीवर मधात फाटा आहे — सरळ आलं तं आमचा तंबू, अन् डावीकडं वळलं तं बपेऱ्याची वाट, पुढं नदी, नदीपलीकडं मध्यप्रदेश. आता समजलं नं, आजी तुही कायले तोंडाचं विचारते? फाट्यापाशीच सापडला तो. तिथून दोन्ही वाटा जातात.

सायकल चालवाले तेजरामसारखा कोणी नव्हता. मी सांगून ठेवतो, माह्या उभ्या जिंदगीत तसा दोस्त नाही पाहिला. डबे असे बांधे ट्यूबनं का सायकल पडली तरी डबा सुटणार नाही. अन् हासे. कायलेही हासे. मी म्हणो, तेज्या, दात झाक, पाखरं बसतील. लग्नाले साल नव्हतं झालं. तुळसाचं पोट दिसाले लागलं होतं, अन् हा खेपेखेपेले मले सांगे, पोरगाच होईन पाह्य, अन् त्यालेही मी ऑपरेटर करीन, सायकल नाही चालवू देणार.

खोकललं कोण? तू? पाणी पी. दिवाळीची धूळ बसली नाही अजून.

मंग काय. बारा रिळं चालवली मी. बारावं संपलं, पडदा पांढरा, लोक बसले. दहा मिनिटं. वीस. मी तंबाकू मळला, थुकला, पुन्हा मळला. लोकायनं आधी शिट्या मारल्या. मंग चपला. पाऊण घंटा झाला तं कनातीचे दोर कापाले सुरुवात. 'खुनी दाखव!' 'अबे ऑपरेटर, खुनी दाखव नाही तं तुहा खून करतो!' एकानं येऊन मशीनले लाथ मारली. मालक आंबागडच्या तंबूत. इकडं मी एकटा, चोवीस-पंचवीसचा, हातात फक्त भोंग्याचा माईक. पोरी, दोन हजार माणसं पडद्याकडं नाही, माह्याकडं पाहून राहिली होती. मले काहीतरी सांगाचंच होतं. मी म्हणू शकत होतो, बापहो, तेजराम आला नाही, पाळीवर काही झालं असन, चला दोन कंदील घेऊन पाहू. सोपं होतं. आता सोपं वाटते. तेव्हा तोंडातून काय निघालं? — 'पळाला! तेजराम पळाला! रील घेऊन पळाला, बाईले घेऊन पळाला नदीपार! मी माह्या डोळ्यानं पाहिलं!'

कुठून आलं हे? पिक्चरमधून आलं. शब्दाले शब्द. चाळीस वेळा ऐकलं होतं, जिभेवर बसलं होतं, घाबरलो तं तेच निघालं. अन् लोकायनंही बारा रिळं तेच पाहिलं होतं नं — दोस्त पळते, बाई पळते, पेटी पळते. त्याइले नवं काहीच नाही वाटलं! दोर कापाचे थांबले सारे. मंग हासले. एक म्हातारा म्हणे, 'तरी म्हणलं, हा पोट्टा एवढा हासते कायले.' पाच मिनिटात बाईचं नावही सापडलं त्याइले. मी नाही सांगतलं, माह्या तोंडातून नाव नाही निघालं, लोकायनंच शोधलं — कोणाची तरी लेक त्याच दिवशी सासरी गेलती बालाघाटले, तिलेच पकडलं. अन् सारे आपापल्या पाहुण्यायसंग घरी गेले, बोलत बोलत, खुशीत. पिक्चर अर्धा राहिला याचंही दुःख नाही. शेवट मिळाला होता नं त्याइले.

पाळीवर कोणी गेलं नाही. पळालेल्या माणसाले कोण शोधते पाळीखाली?

तो काय पाहून राहिली कोनाड्यात? टॉर्च आहे. जुना आहे. तीन सेलचा. नाही लागत आता, सेल काढून फेकले, असाच ठेवला. हात नको लावू. — माहाच आहे म्हणलं नं! ऑपरेटरपाशी टॉर्च लागते, अंधारात रील लावाची रायते मशीनमध्ये. ... काय? त्याच्या बुडावर 'ते' काहून लिहिलं? तुह्या डोळ्याले झोप नाही का बाई! लाल पेंटनं लिहिलं आहे, हाव. त्यानं सारंच रंगवून ठेवलं होतं. माह्या टॉर्चचा बल्ब गेलता. चौथ्या खेपेले आला तेव्हा मी म्हणलं, तेज्या, तुहा टॉर्च दे, मले रील दिसत नाही. तो म्हणे, अन् मी कसा येऊ? मी म्हणलं, तुले तं पाळ पाठ आहे, चार खेपा झाल्या, आता एकच डबा, डोळे मिटून येशीन. दिला त्यानं. दात दाखवून दिला. भाऊबीजेचा चांद कवाच बुडाला होता. ... आता झालं समाधान? मी मागितला, त्यानं दिला. पडणाऱ्याले टॉर्च असूनही पडता येते.

अन् एक सांगतो, तुह्या आजीले सांग, तिचं मन शांत होईन. लोकायच्या बोलण्यात काही अर्थ नव्हता. लोक गाढव असतात. बाईच्या मागं पळणारा माणूस आपल्या बायकोसाठी हिरव्या बांगड्या घेऊन हँडलले लटकवते का? रुमालात बांधून? बत्ताशे वेगळे पुडीत, बांगड्या वेगळ्या, फुटू नये म्हणून मधात पेंढा — असा माणूस पळते का? हे कोणाच्या डोक्यातच नाही —

...

काय बांगड्या? कोण म्हणलं बांगड्या?

मी म्हणलं. हाव, मी म्हणलं. — सायकलवर काहीच नव्हतं तं? कोणी सांगतलं तुले? आजीनं? ढिवरायनं रिकामी सायकल आणून दिली तिले, हँडलले काही नव्हतं, बरोबर. पाण्यात गेलं असन वाहून. मंग मले — मले कोणीतरी सांगतलं असन. मंडईतल्या बांगडीवाल्यानं सांगतलं असन. ... पेंढ्याचं कोण सांगतलं? ... अशी नको पाहू माह्याकडं. तुही आजीही अशीच पाहे. तुह्या नाकाले काय करू, नाक त्याचं आहे अन् डोळे तिचे आहेत. ज्योत्सना! — नको, राहू दे, नको येऊ बाहेर. भाजी कर. काही नाही पाहिजे.

दार लोटून घे जरा.

पहाटे गेलतो मी. लोक झोपले होते, दंडारवाले तोंडाचा रंग धुवून राहिले होते विहिरीवर, एकानं विचारलंही, कुठं निघाला? मी म्हणलं, पोटात गडबड आहे. मले रात्रीच माहीत होतं, पोरी. भोंग्यावर बोलून राहिलो होतो तेव्हाच माहीत होतं का तो पळाला नाही, पडला. त्याचा टॉर्च माह्या बगलेत होता! दुसरं काय होणार होतं? पण मी झोपलो. झोपलो म्हणजे पडून राहिलो. उजाडायच्या आधी गेलो. फाट्याच्या इकडं चार हातावर सायकल आडवी पडली होती, पाळीच्या कडेवर. इकडं म्हणजे तंबूच्या बाजूले. फाटा सोडून आलता तो. पुढचं चाक तंबूकडं. तोंड तंबूकडं होतं, बाई. सरळ तंबूकडं. घंटीवर दव पडलं होतं. डबा कॅरिअरले तसाच — ट्यूब सुटली नव्हती, त्याची ट्यूब कधीच सुटत नव्हती. हँडलले रुमालाचं गाठोडं. अन् तो खाली, बेशरमीच्या झाडीत, दगडावर डोकं, एक पाय पाण्यात.

आता विचार. विचार नं, मंग लोकायले काहून नाही बोलावलं. चांगला प्रश्न आहे. मीच मले विचारतो, रोज विचारतो, दात घासताना विचारतो. लोकायले बोलावलं असतं तं काय दिसलं असतं? रील दिसलं असतं. रील सायकलवर, सायकलचं तोंड तंबूकडं. म्हणजे पळाला नव्हता. म्हणजे लिलाधर खोटा बोलला, दोन हजार माणसापुढं, भोंग्यावर, 'माह्या डोळ्यानं पाहिलं'. अन् रात्रीच गेलो असतो तं कदाचित — ते कदाचित मले नको होतं. म्हणून डबा सोडून घेतला. गाठोडं काढून घेतलं. सायकल पाण्यात ढकलली, बुडबुडे आले, बस. त्याले तसाच ठेवला. मले वाटलं, घंट्याभरात गुरं येतील, गुराखी पाहीन, आरडाओरडा करन. पण मंडई होती नं! गुराखीही मंडईत. ढिवरही मंडईत. दोन दिवस पाळीवर कुत्रंही नाही फिरकलं. तिसऱ्या दिवशी जाळं टाकाले गेले तेव्हा... पोलिसायनं जबानी घेतली, मी तेच सांगतलं. पळताना पडला. रील कुठं आहे? रील त्या बाईपाशी असन. साहेबानं लिहून घेतलं. मी आंगठा नाही दिला, सही केली, तेवढी येत होती.

तुळसा आली तिथं. सहाव्या महिन्यातली. रडत नव्हती. मले म्हणे, लिलाधर भाऊ, सायकलचं तोंड कोणीकडं होतं? मी म्हणलं, वहिनी, मले काय माहीत, मी तंबूत होतो. तिनं माह्या तोंडाकडं पाहिलंच नाही. पायाकडं पाहिलं. पाळीच्या मुरमाची लाल माती पोटरीवर वाळली होती अन् बेशरमीचे ओरखडे. दोन दिवस पाय धुतले नव्हते मी, सुचलंच नाही. पायाकडं पाहिलं अन् गेली. कोणाले बोलली नाही. चोराची बायको म्हणून राहिली बपेऱ्यात, पोराले पळपुट्याचा म्हणून पोसलं, धानाचे रोवणे केले, महूची फुलं वेचली, कोणाले बोलली नाही. पण प्रश्न तोच ठेवला. बावन वर्षं. मले वाटलं मरन आता तं सुटलो — खरं सांगून राहिलो, मागल्या महिन्यात बिमार आहे ऐकलं तं मले पहिलं तेच वाटलं, सुटलो.

आता तेराव्या रिळात काय होतं ते ऐक, आठवते मले, आठवणार नाही तं काय. तो दोस्त पळालाच नसते. गॅरेजच्या फरशीखाली असते तो, पहिल्या रिळापासून. लोक त्याच्यावरूनच चालून राहिले असतात. अन् ज्यानं सर्वात मोठ्यानं 'भाग गया' म्हणलं तोच — अन् तो इन्स्पेक्टर त्याले मारत नाही, शिवी देत नाही. फक्त त्याच्या जोड्याकडं पाहते. जोड्याले सिमेंट लागलं असते. पाहते अन् टोपी काढते. पहिल्यांदा. तिथं खतम. म्हणून त्या गावानं शेवट कधी पाहिलाच नाही, मी सांगतलेलाच शेवट घेऊन मेले सारे.

मले वाटे, एक दिवस मशीन आणीन कुठून तरी. मंडईतच लावीन, त्याच मैदानात, तेरावं रील दाखवीन अन् भोंग्यावर सांगीन का हे रील तेजरामनं आणून दिलं होतं, पोहोचवलं होतं, पाचवी खेप पूर्ण केली होती त्यानं. दरसाल वाटे. औंदा नाही, पुढच्या साली. पोराचं, अतुलचं लग्न होऊ दे. अतुलची नोकरी पक्की होऊ दे. नात होऊ दे. — उघड तो डबा. उघड, जोर लाव, झाकण गंजलं. आला वास? आंबट. सडल्या लोणच्यासारखा. पाहिलं? रील नाही राहिलं ते, गोळा झाला. गूळ चिकटते तसं एकाले एक. ओढलं तं तुटते, नखानं सोललं तं चुरा होते. आता देवाची मशीन आणली तरी चालणार नाही. चार साल आधीच वास आलता, मी झाकण लावून टाकलं. काय करणार होतो? कोणाले सांगणार होतो का हे खराब होऊन राहिलं, वाचवा? कायचं आहे, कोणाचं आहे विचारलं असतं तं?

खाली रुमाल आहे. काढ. बारा होत्या, एक पाळीवरच फुटली, अकरा आहेत. हिरव्याच आहेत अजून. काचेले काही होत नाही.

घेऊन जा. सांग तिले, तोंड तंबूकडं होतं. येऊन राहिला होता. अन् सांग का — थंड होता. मी पाहिलं हात लावून. गळ्याले लावला, छातीले लावला. थंड होता. गेला होता तो. मी जिवंत माणूस नाही सोडला. थंड होता म्हणून सांगून राहिलो नं. — काय पाहतं? कार्तिकातली पहाट होती, दव होतं, पाण्यात पाय होता, थंडच राहीन नं माणूस! ... माहेही हात थंड होते. कोपरापर्यंत थंड. मले कसं समजन, पोरी? ज्याचे हात थंड त्याले दुसऱ्याचं कसं समजन? मी आवाज दिला होता त्याले. एकदा दिला. हळूच दिला. मोठ्यानं दिला असता तं लोक आले असते.

— हे पाह्य, पुन्हा खोकला. तू तं तोंड नाही उघडलं. कोण खोकललं? तो मोबाईल — तो मोबाईल सुलटा कर. कर म्हणलं नं. हिरवं काय जळून राहिलं त्याच्यावर? कोणाचं नाव आहे? माहा चष्मा नाही, वाच तू. — आजी?

कवापासून चालू आहे फोन?

... आल्यापासून.

तुळसा. तुळसा वहिनी. मी लिलाधर. ऐकलं नं तू? तंबूकडं होतं तोंड. काही बोल. शिव्या दे, तुह्या तोंडातून मी कधी शिवी नाही ऐकली, आज दे. वहिनी? थंड होता म्हणजे — मले तसं वाटलं होतं. तू बोलत काहून नाही? पोरी, ती बोलत काहून नाही? मोठ्यानं कर तो, मोठा कर आवाज. श्वास आला. आला नं? ... काय टुक वाजलं? बंद झाला? रेंज गेली का? — ठेवला? तिनं ठेवला?

बरं.

लावू नको पुन्हा. राहू दे. तुही गाडी हुकन. रुमाल नीट बांध, मधात पेंढा नाही आता, पेपर घे ज्योत्सनाकडून. डबाही ने, वास मारते तरी ने. टॉर्च नको नेऊ. — ठेव तिथं. ठेव म्हणलं नं. जा.